राजधानीचा नकाशा आणि लांफां

अमेरिकेच्या राजधानीचा, वॉशिंग्टनचा, नकाशा आपण पाहिला, तर त्यात उभ्या-आडव्या रस्त्यांची जाळी दिसते आणि तिला तिरके छेदणारे रुंद राजमार्गही दिसतात. ही रचना पिएर शार्ल लांफां या फ्रेंच माणसाची.

लांफांचा जन्म पॅरिसचा, १७५४ सालचा. वडील चित्रकार, तोही चित्रकलाच शिकला. १७७७ मध्ये तो अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात उतरला. तिथे तो सैन्यात इंजिनिअर झाला, जखमी झाला, इंग्रजांचा कैदीही झाला. पुढे त्याने न्यूयॉर्कच्या नगरभवनाचे रूप पालटले. याच इमारतीच्या सज्जात १७८९ साली जॉर्ज वॉशिंग्टनने राष्ट्राध्यक्षपदाची शपथ घेतली.

१७९१ मध्ये नव्या राजधानीच्या आखणीचे काम लांफांकडे आले. त्याने आधी जमिनीचे चढउतार पाहिले. टेकडीवर संसदभवन, दूर राष्ट्राध्यक्षांचे निवासस्थान आणि दोहोंना जोडणारा सरळ, १६० फूट रुंद मार्ग त्याने आखला. तिरक्या रस्त्याचा फायदा पायथागोरसच सांगेल: जाळीतून ३ आणि ४ असे एकूण ७ भाग चालावे लागतात, तिथे कर्णावरून ५ पुरतात.

मग बिनसले कुठे? सरकारकडे पैसा नव्हता. भूखंड विकून तो उभारायचा होता. ऑक्टोबर १७९१ च्या लिलावासाठी आयुक्तांनी नकाशा मागितला. सट्टेबाज मोक्याच्या जागा बळकावतील या भीतीने लांफांने तो दिला नाही. पुढे आखलेल्या रस्त्यात येणारे एका बड्या जमीनदाराचे अर्धे बांधलेले घरही त्याने पाडले. फेब्रुवारी १७९२ मध्ये त्याचे काम गेले. भूमापक अँड्र्यू एलिकॉटने फेरफार केलेला नकाशा छापला गेला, त्यावर लांफांचे नाव नव्हते.

१८२५ साली मेरिलंडमध्ये, स्नेह्यांच्या आश्रयाने राहत असताना, तो गरिबीत वारला. १९०२ मध्ये सिनेटच्या समितीने मात्र पुन्हा त्याच्याच आराखड्याचा आधार घेतला. मधल्या काळात भव्य मोकळ्या मैदानात आलेले रेल्वेस्थानक नंतर हटवण्यात आले. १९०९ मध्ये त्याचे अवशेष आर्लिंग्टनच्या टेकडीवर, शहर दिसेल अशा जागी पुरले गेले.

आयुक्तांची पैशांची गरज खोटी नव्हती आणि लांफांची भीतीही खोटी नव्हती. आपल्या गावाचा नकाशा वर्गात लावून मुलांना विचारून पाहू: यातले काय आधी ठरवून आखले आणि काय भूखंड विकता विकता घडत गेले?