टेबलक्लॉथचे माप कसे काढावे?

धुळे-सोलापूर महामार्गावरचे गेवराई हे बीड जिल्ह्यातील तालुक्याचे गाव कापसाच्या पट्ट्यात येते आणि हाच रस्ता पुढे चादरी-टॉवेलांच्या सोलापुरात पोहोचतो. कापूस आणि माग यांच्या मध्यावर असलेल्या अशा गावात कापडाची पारख नवी नाही. लुगड्याचे वार, धोतराचा पन्हा, बंडीला लागणारे कापड हे हिशेब जुन्या माणसांच्या तोंडी असत. डायनिंग टेबल मात्र पाटाच्या मानाने अलीकडचे. त्यामुळे त्यावरच्या कापडाचा हिशेब अजून अंगवळणी पडलेला नाही. पाच फुटी टेबलाला पाच फूट कापड, एवढाच विचार करून खरेदी होते आणि शिवून आलेला टेबलक्लॉथ पहिल्या धुण्यानंतर टेबलाच्या कडेला जेमतेम पुरतो. कापलेले कापड दुकानदार परत घेत नाही.

टेबलक्लॉथचे माप तीन गोष्टींवर ठरते: टेबलाचा पृष्ठभाग, चारही बाजूंनी खाली सोडायचे कापड आणि दुमड व आटण्यासाठी ठेवायची वाढ. पैकी दुसऱ्या गोष्टीला खुर्ची हे उत्तम परिमाण आहे. जेवणाच्या टेबलाची उंची साधारण ३० इंच आणि खुर्चीच्या बैठकीची १८ इंच असते. मधले अंतर १२ इंच. याहून अधिक सोडलेले कापड बसणाऱ्याच्या मांडीवर येते, गुडघ्यात अडकते आणि उठताना ताटासह ओढले जाते. म्हणून रोजच्या वापराला सहा ते आठ इंच पुरेत. पाहुण्यांसाठी खास काढून ठेवलेला टेबलक्लॉथ दहा-बारा इंचांपर्यंत सोडायला हरकत नाही. घरात रांगते मूल असेल, तर शोभेचा विचार बाजूला ठेवावा. लोंबते टोक धरून उभे राहण्याचा प्रयत्न मूल करणारच आणि टेबलावर गरम वरणाचे पातेले असू शकते. अशा काळात ताटाखालच्या चटया बऱ्या.

आता प्रत्यक्ष हिशेब पाहू. टेबल ६० बाय ३६ इंचांचे आहे. चहूबाजूंनी आठ इंच सोडायचे, म्हणजे लांबीत १६ आणि रुंदीतही १६ इंच वाढले. माप झाले ७६ बाय ५२. प्रत्येक कडेला एक इंच दुमड धरली की ७८ बाय ५४. येथे बहुतेकजण थांबतात आणि ५४ इंच पन्ह्याचे कापड नेमके बसले म्हणून समाधान पावतात. पण कोरे सुती कापड पाण्यात आटते. पाच टक्के आटणे गृहीत धरले, तर कापड ८२ बाय ५७ इंच हवे. म्हणजे ६० इंच पन्हा आणि सुमारे २.१ मीटर लांबी. यापेक्षा सोपा मार्ग म्हणजे कापड कापण्यापूर्वी रात्रभर भिजवून, वाळवून, इस्त्री करून घेणे. मग जे माप उरेल ते खरे.

हाच ५४ इंच पन्हा प्लॅस्टिकच्या कव्हरला मात्र पुरतो, कारण त्याला ना दुमड लागते ना ते आटते. गुंडाळीतून मीटरवर कापून मिळणारे हे कव्हर बहुधा याच रुंदीचे असते. वर सांगितलेल्या टेबलाला त्यातून दोन्ही बाजूंना नऊ-नऊ इंच मिळतात. दिसायला ते फारसे देखणे नाही, पण हळदीचा डाग पुसून जातो.

खादी किंवा हातमागाच्या कापडाचा पन्हा कमी असेल, तर जोड द्यावा लागतो. तो मधोमध कधीही देऊ नये. मधली शिवण ताटाखाली येते आणि पेला डगमगतो. ३६ इंच पन्ह्याचे सारख्या लांबीचे दोन तुकडे घ्यावेत. एक अखंड मध्ये ठेवावा, दुसरा लांबीत उभा फाडून त्याच्या दोन पट्ट्या दोन्ही बाजूंना जोडाव्यात. ३६ इंच रुंद टेबलावर या शिवणी जवळपास कडेवर येतात आणि जोड हा काठासारखाच दिसतो.

तयार टेबलक्लॉथवर ‘सहा खुर्च्यांसाठी’ असे छापलेले असते, त्यावर विसंबू नये. सहा खुर्च्यांची टेबले ६० बाय ३६ इंचांचीही असतात आणि ७२ बाय ४२ इंचांचीही. ६० बाय ९० इंचांचे कापड मोठ्या टेबलावर सगळीकडून नऊ इंच सुटते. लहान टेबलावर तेच रुंदीकडून १२ आणि लांबीकडून १५ इंच खाली येते, म्हणजे टोकाच्या खुर्चीवरच्या माणसाच्या थेट मांडीवर. दुकानात जाण्यापूर्वी घरातली जुनी चादर टेबलावर पसरून, कडेला चिमटे लावून, खुर्चीत बसून पाहिले तर हवे ते माप आपोआप सापडते.

गोल टेबलाला व्यासात सोडलेल्या कापडाची दुप्पट मिळवावी. ४८ इंच व्यासाला आठ इंच सोडले, तर ६४ इंचांचे वर्तुळ लागते. ६० इंच पन्हा येथे अपुरा, तेव्हा पलंगपोसाचे ९० इंची कापड पाहावे. तेवढ्याच मापाचा चौकोनी टेबलक्लॉथ गोल टेबलावर टाकला, तर चार कोपरे सुमारे २१ इंच खाली उतरतात. खुर्च्या कोपऱ्यांच्या मधे ठेवल्या तर हे शोभूनही दिसते.

मंगल कार्यालयातल्या जेवणाच्या मांडणीचा हिशेब निराळा. तेथे कापडाआड पातेली, पाण्याचे कॅन, रिकामे क्रेट दडवायचे असतात, म्हणून ते जमिनीपर्यंत हवे. ७२ बाय ३० इंचांच्या घडीच्या टेबलाला चारही बाजूंनी २९ इंच सोडले, तर तयार माप १३० बाय ८८ इंच होते. एक इंच मुद्दाम कमी, कारण जमिनीला टेकणारे कापड पायाखाली येते आणि सांडलेले पाणी शोषते. वाढप्यांच्या बाजूला आठ इंचच सोडले, तर रुंदी ६७ इंचांवर येते आणि खालचे भांडे काढताना अडचण होत नाही. कोपऱ्यांकडे मात्र लक्ष हवे. तेथे कापड तिरके लोंबते, त्याची लांबी ४१ इंचांपर्यंत जाते आणि सुमारे ११ इंच फरशीवर लोळतात. लग्नाच्या गर्दीत नेमका त्यावरच पाय पडतो. हे टोक आत दुमडून पिन लावावी, किंवा शिवतानाच शिंप्याकडून कोपरे गोलाईत कापून घ्यावेत.