सॅक्रामेंटो स्ट्रीटवरचा आचारी

चायनाटाउनला आपण सगळेच कधी ना कधी गेलेलो असतो. देशातून आई-बाबा आले की गोल्डन गेट ब्रिज, लोंबार्ड स्ट्रीटची वळणं, आणि शेवटी ग्रँट अव्हेन्यूवर भाच्या-पुतण्यांसाठी टी-शर्ट आणि किचेनची खरेदी. बे एरियातली माझी पंचवीस वर्षं एवढ्याच ओळखीवर निघाली. २०२५ च्या मार्चमध्ये मात्र मंडळातल्या आम्ही अकरा जणांनी ठरवून तिथला ‘फूड वॉक’ केला. म्हणजे गाइडबरोबर गल्लीबोळांतून पायी हिंडायचं आणि ठिकठिकाणी थांबून थोडं थोडं खायचं. अकरांत चार शाकाहारी, एकीची चतुर्थी, आणि एक गृहस्थ ‘अंडं चालतं, पण दिसता कामा नये’ या पंथाचे. खाण्याबद्दल लिहायचं म्हणून मी वही घेऊन गेले होते. परत आले तेव्हा वहीत पदार्थ कमी आणि कायद्यांची सालं जास्त होती!

बुश स्ट्रीटच्या कोपऱ्यावर १९७० साली उभारलेली हिरव्या कौलांची वेस आहे, तिथे आमची गाइडबाई भेटली. साठीच्या पुढची, इथेच जन्मलेली, चालण्यात आम्हा सगळ्यांना मागे टाकणारी. आमच्यातल्या एका काकांनी लगेच विचारलं, “रस्त्यावरचं खाणं म्हणता, पण गाड्या कुठायत?” गाड्या नाहीतच. बेकरीच्या खिडकीतून घ्यायचं आणि फुटपाथवर उभ्या उभ्या खायचं, हेच इथलं रस्त्यावरचं खाणं. आजची कारणं वेगळी असतील, पण बाईने सांगितलेली गोष्ट मला आवडली. पूर्वी चिनी भाजीवाले आणि धोबी खांद्यावर कावड घेऊन शहरभर फिरत. १८७० मध्ये सॅन फ्रान्सिस्को शहराने नियम काढला की फुटपाथवरून कावड न्यायची नाही. नियमात ‘चिनी’ हा शब्द नव्हता. त्याची गरजही नव्हती, कारण कावड दुसरं कोणी वापरतच नव्हतं.

कॅलिफोर्निया स्ट्रीटच्या चौकात आपण सगळे ज्या पॅगोड्यांचे फोटो काढतो, त्या इमारती चीनमधून आलेल्या कल्पनेतून नव्हे तर भीतीतून उभ्या राहिल्या आहेत. १८ एप्रिल १९०६ च्या भूकंपानंतर लागलेल्या आगीत अख्खं चायनाटाउन जळून गेलं. शहरातल्या पुढाऱ्यांना ही आयती संधी वाटली. इतक्या मोक्याच्या जागी चिनी लोक कशाला, त्यांना दक्षिणेला हंटर्स पॉइंटला हलवा, असं घाटू लागलं. तेव्हा लुक टिन एली नावाच्या व्यापाऱ्याने शक्कल लढवली. नवी वस्ती अशी बांधायची की गोरे लोक ती बघायला पैसे खर्च करून येतील, मग हलवा म्हणायची कोणाची छाती होणार नाही. वास्तुविशारद गाठले रॉस आणि बर्जेस, दोघेही गोरे. त्यांनी साध्या विटांच्या इमारतींवर वळणदार छपरं आणि मनोरे चढवले. म्हणजे चीनमधल्या घरांपेक्षा पर्यटकांच्या मनातल्या चीनशी जास्त जुळणारं काहीतरी. वस्ती जागची हलली नाही.

हा लुक टिन एली कोण? जन्म कॅलिफोर्नियातल्या मेंडोसिनोचा. लहानपणी शिकायला चीनला पाठवला, आणि १८८४ मध्ये चौदाव्या वर्षी परत आला तर बंदरावरच अडवला. कारण १८८२ मध्ये चिनी मजुरांना अमेरिकेत येण्यास बंदी करणारा कायदा झाला होता. पोरगा कोर्टात गेला आणि जिंकला, कारण त्याचा जन्म इथला होता.

आगीत शहराच्या कचेरीतली जन्माची दफ्तरंही जळाली. आता मी इथेच जन्मलो असं कोणी सांगितलं तर ते खोडून काढायला कागद नव्हता. नागरिक ठरलेला माणूस चीनला जाऊन आला की तिथे आपल्याला मुलगा झाला अशी नोंद करायचा, आणि ती जागा पुढे गावातल्या दुसऱ्या कोणाच्या तरी मुलाला विकली जायची. यांना ‘कागदी मुलगे’ म्हणत. सरकारनेही मग १९१० मध्ये खाडीतल्या एंजल आयलंडवर तपासणी ठाणं उघडलं. (आपल्या देशातून आलेले लोकही तिथे अडकून पडले होते.) तुझ्या घराला पायऱ्या किती, विहीर कुठल्या बाजूला, शेजारच्या ओळीत तिसऱ्या घरात कोण राहतं, असे प्रश्न मुलाला आणि बापाला वेगवेगळे विचारत. उत्तरं जुळली नाहीत तर परत पाठवणी. म्हणून उत्तरांच्या वह्या पाठ करायच्या आणि बोटीवरून समुद्रात फेकून द्यायच्या. काही बदललं तर? बेटावरचे स्वयंपाकी चिनी होते. सुट्टीच्या दिवशी ते चायनाटाउनला येत, चिठ्ठी घेत, आणि ती जेवणातून आत पोचवत. गाइडबाईचे आजोबा असेच कागदी मुलगा म्हणून आलेले. तिचं कागदावरचं आडनाव एक आणि घरातलं खरं दुसरं. आजोबांच्या थडग्यावर इंग्रजीत एक आहे आणि चिनी लिपीत दुसरं, हे तिने इतक्या सहज सांगितलं की क्षणभर आम्हाला काय बोलावं ते सुचेना.

इतकं ऐकून भूक लागली होती. हँग आह टी रूम १९२० पासून एका चिंचोळ्या बोळात आहे. तिथे डिम समच्या बांबूच्या टोपल्या पुढ्यात आल्या. कोळंबीच्या हार गाउची पारी पाहून आमच्यातल्या कोकणस्थ वहिनी म्हणाल्या, “माझ्या मोदकाची पारी एवढी पातळ झाली तर मी पेढे वाटीन!” मुळ्याच्या परतलेल्या वड्या शाकाहाऱ्यांना अगदी आपल्या वाटल्या, पण त्यात सुके झिंगे आणि सॉसेज निघाले. त्यांना शेवटी तीळ लावून तळलेले, आत लाल कडधान्याचं पुरण घातलेले गोळे मिळाले. चिकट तांदळाच्या पिठाचे, जवळजवळ अनारशाचे चुलत भाऊ. मांचुरियन मागणाऱ्या मुलाला सांगावं लागलं, बाळा, ते मुंबईत मिळतं.

जेवता जेवता मी विचारलं, अमेरिकेत गावोगावी चिनी हॉटेलं झाली कशी? बंदी असताना? तर बंदीमुळेच. १८८२ च्या कायद्यातून व्यापाऱ्यांना सूट होती. व्यापारी देशात ये-जा करू शके, बायकोला आणू शके. मजुराला यातलं काही नव्हतं. १९१५ मध्ये एका कोर्टाच्या निकालाने हॉटेलमालकही व्यापारी ठरले. पण अटी भलत्याच. हॉटेल बऱ्यापैकी मोठं हवं, त्यात मोठा पैसा घातलेला हवा, आणि मालकाने किमान वर्षभर कारभार बघितलेला हवा. त्या वर्षात त्याने ना ताट वाढायचं, ना गल्ल्यावर बसायचं, ना भांडी विसळायची. आणि हे खरं असल्याची साक्ष चिनी नसलेल्या दोन माणसांनी द्यायची. मग लोकांनी आपल्या भिशीसारखी युक्ती काढली. नात्यातल्या, गावातल्या लोकांनी पैसे एकत्र करून हॉटेल काढायचं आणि आळीपाळीने वर्ष-दीड वर्ष मॅनेजर व्हायचं. ज्याची पाळी तो ‘व्यापारी’. त्याने देशी जाऊन यावं किंवा माणसं आणावीत, मग दुसऱ्याची पाळी. न्यूयॉर्कमधली चिनी हॉटेलं १९१० ते १९२० या दहा वर्षांत जवळपास चौपट झाली. चॉप सुईची मोठाली झगमगती हॉटेलं गोऱ्यांच्या जिभेसाठी निघाली हे आपण ऐकून असतो. व्हिसासाठीही निघाली, हे मला ठाऊक नव्हतं.

रॉस ॲलीमध्ये फॉर्च्युन कुकीचा १९६२ चा छोटा कारखाना आहे. गरम चकती हाताने दुमडताना बघायला मजा येते. हा पदार्थ मुळात जपानी. १९४२ मध्ये सरकारने इथल्या जपान्यांना छावण्यांत डांबलं, त्यांच्या बेकऱ्या बंद पडल्या आणि धंदा चिनी बेकऱ्यांकडे आला. तेव्हापासून ती कुकी चिनी.

स्टॉकटन स्ट्रीटवर शनिवारची भाजी घ्यायला ही गर्दी! कारली, दुधी, मुळे, पालेभाज्यांचे ढीग, आणि आजीबाईंची कोपरं. इथे गाइडबाईने १९०० सालच्या प्लेगची गोष्ट काढली आणि आम्ही मराठी माणसं कान टवकारून उभे राहिलो. मार्चमध्ये चायनाटाउनमधल्या एका हॉटेलच्या तळघरात एक माणूस प्लेगने मेलेला सापडला आणि रातोरात वस्तीभोवती दोर बांधले गेले. ते काही दिवसांत सुटले, पण मे महिन्यात दुसऱ्यांदा वेढा पडला. वेढ्याची रेघ अशी काढली होती की गोऱ्यांची घरं-दुकानं बरोबर बाहेर राहावीत. शिवाय टोचून घेतल्याशिवाय चिनी माणसाने शहराबाहेर जायचं नाही. ती लस हाफकिनची, तीन वर्षांपूर्वी मुंबईत भायखळ्याच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात तयार झालेली! पुण्यात १८९७ मध्ये प्लेगच्या नावाखाली सोल्जर घराघरात शिरले, त्याचं पुढे काय झालं हे आपल्याला शाळेपासून पाठ आहे. इथे लोक कोर्टात गेले. वाँग वाय नावाच्या माणसाने टोचण्याच्या सक्तीविरुद्ध आणि ज्यू हो या स्टॉकटन स्ट्रीटवरच्या किराणा दुकानदाराने वेढ्याविरुद्ध दावा लावला. दोघेही जिंकले. रोग एकाच वंशाला होतो असं कोणाला म्हणता येणार नाही, असा निकालाचा रोख. आता प्लेग खरा होता, हेही सांगायला हवं. कोर्टात जिंकल्याने जंतू मरत नाहीत. पण एकाच वस्तीला दोर बांधूनही मरत नाहीत.

शेवटी बाईने आम्हाला उतारावरून सॅक्रामेंटो स्ट्रीटवर आणलं. ७५१ नंबरला १८७३ मध्ये वाँग किम आर्क जन्मला. वरच्या मजल्यावर घर, खाली आईबापांचं दुकान. ते सगळं १९०६ मध्ये जळालं, त्या काळचं बघायला काही नाही. वाँग धंद्याने आचारी. व्यापारी नाही, म्हणजे कायद्याच्या दृष्टीने मजूर. १८९५ मध्ये चीनहून परतला तर तू नागरिक नाहीस म्हणून त्याला उतरू दिलं नाही. चारेक महिने तो बंदरातल्या बोटींवर अडकून होता. एक बोट निघाली की दुसरीवर. चिनी समाजाच्या ‘सिक्स कंपनीज’ या संस्थेने वकील दिले, आणि २८ मार्च १८९८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध दोन मतांनी निकाल दिला की आईबाप परके असले तरी इथे जन्मलेलं मूल अमेरिकन. जिंकूनही त्याचा पिच्छा सुटला नाही. १९०१ मध्ये टेक्ससमध्ये त्याला पुन्हा पकडलं, आणि १९१० मध्ये त्याच्या थोरल्या मुलाला एंजल आयलंडवरून परत पाठवलं, उत्तरं जुळली नाहीत म्हणून.

आपल्यासाठी दार उघडलं ते १९६५ च्या कायद्याने. त्याआधी १९४६ पासून भारताला वर्षाला १०० माणसांचा कोटा होता, तोवर तेही नाही. आपली मुलं मात्र पासपोर्ट बाळगतात ती या आचाऱ्याच्या निकालावर. जानेवारी २०२५ मध्ये राष्ट्राध्यक्षांचा हुकूम निघाला की आई तात्पुरत्या व्हिसावर आणि बाप नागरिक किंवा ग्रीन कार्डवाला नसेल, तर पुढे जन्मणारं मूल नागरिक नाही. हुकमाला लगेच कोर्टात आव्हान मिळालं, आणि १८९८ चा हा खटला पुन्हा सगळ्यांच्या तोंडी आला.

आमच्यात एक तरुण जोडपं होतं, दोघंही एच-वनवर, ग्रीन कार्डच्या रांगेत. तिला मे महिन्यात दुसरं बाळ होणार होतं. सबंध फेरीत फारसा न बोललेला तो मुलगा गाइडबाईकडे गेला आणि वाँग किम आर्कचं स्पेलिंग विचारून त्याने ते बेकरीच्या गुलाबी खोक्यावर लिहून घेतलं. मग खोक्यातले एग टार्ट आम्हाला वाटले. त्यांची थोरली बाबागाडीत बसून आतलं पिवळं कस्टर्ड कोपरापर्यंत फासत होती, आणि ‘अंडं दिसता कामा नये’ वाल्या काकांनी दोन खाल्ले.