प्रणयनिष्ठा आणि कुलसत्ता : सिंहली कादंबरीतील एक स्थित्यंतर

सिंहली कादंबरीतील प्रेमकथा 'प्रेमिक विरुद्ध कुटुंब' या द्वंद्वातून वाचणे सोयीचे असले, तरी अपुरे आहे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात या कथांमधील कुटुंबाचे स्थानच पालटत गेले. प्रारंभी बाह्य सत्ता म्हणून उभे असलेले कुटुंब क्रमाक्रमाने प्रेमिकांच्या अंतःकरणात येऊन वसले.

पियदास सिरिसेन यांच्या 'जयतिस्स सह रोसलिन' (१९०६) या कादंबरीचा नायक बौद्ध, तर नायिका कॅथलिक घरातली. सिरिसेन हे अनागारिक धर्मपालांचे अनुयायी. त्यामुळे नायिकेच्या धर्मांतरावाचून येथील विवाह 'भाग्याचा' ठरत नाही. पितृसत्तेला आव्हान मिळते, परंतु ते व्यक्तिस्वातंत्र्याच्या नावे नव्हे. धर्म आणि राष्ट्र या अधिक व्यापक कुळाच्या नावे ते दिले जाते.

मार्टिन विक्रमसिंघे यांच्या 'गम्पेरळिय' (१९४४) मध्ये हा प्रचारकी आत्मविश्वास उरत नाही. दक्षिण किनाऱ्यावरील खेड्यात मुहंदिरमच्या घरची नंदा शिक्षक पियलकडे ओढली जाते. परंतु त्याचे कुळ हलके मानले गेल्याने घराणेदार, निर्धन जिनदासशी तिचा विवाह होतो. पुढे जिनदासच्या निधनाचा समज होऊन ती संपन्न झालेल्या पियलची पत्नी होते. आणि त्यानंतर त्याच्या मृत्यूची खरी वार्ता येते. पैशाने कुळाचा अडसर दूर होतो, मात्र नंदेची निष्ठा दुभंगलेलीच राहते. आईवडिलांनी लादलेले नातेही तिच्या दृष्टीने खरे झालेले असते, हे या कादंबरीचे मर्म होय.

'विरागय' (१९५६) या त्यांच्याच कादंबरीत हे अंतःस्थीकरण पूर्णत्वास जाते. सरोजिनी पळून जाऊन विवाह करण्यास सिद्ध असते. नकार देतो तो अरविंद. त्याला रोखण्यास कोणी वडीलधारे समोर उभे राहावे लागत नाही. घरात रुजलेली भिडस्तता, लोकलज्जा आणि बौद्ध वैराग्याची ओढ यांची त्याच्या मनात इतकी सरमिसळ झालेली असते की, त्याग कोठे संपतो आणि भीरुता कोठे सुरू होते, हे त्यालाही उमगत नाही.

म्हणूनच बंडखोरी हा प्रणयनिष्ठेचा एकमेव निकष मानल्यास नंदा दुबळी आणि अरविंद पळपुटा ठरतो. विक्रमसिंघे मात्र दोघांनाही निकाली काढत नाहीत. कुटुंबाने घडविलेल्या मनालाच कुटुंबाविरुद्ध निर्णय घ्यावा लागतो, हा पेच त्यांनी न सोडविता वाचकापुढे ठेवला आहे.