गादीपासून शाळेपर्यंत : भोपाळच्या बेगमांची स्वावलंबनाची परंपरा

मुस्लिम समाजातील स्त्रीच्या स्थितीविषयी चर्चा निघाली की बहुधा दोनच सूर ऐकू येतात. एक म्हणतो, या स्त्रीला स्वातंत्र्य कधी नव्हतेच. दुसरा म्हणतो, आमच्या धर्माने तिला सर्व काही दिले आहे, आता वेगळे काही करण्याची गरज नाही. इतिहासाचा अभ्यासक या दोन्ही विधानांशी सहमत होऊ शकत नाही. हक्क ग्रंथात असणे वेगळे आणि तो हाती असणे वेगळे. तो हाती कसा येतो, याचे एक ठळक उदाहरण माळव्यातील भोपाळ संस्थानात सापडते. तेथे 1819 ते 1926 या 107 वर्षांच्या काळात, मधली काही वर्षे वगळता, राज्यकारभार स्त्रियांच्या हाती होता.

माळव्याच्या भूमीला स्त्रीचा कारभार नवा नव्हता. महेश्वरहून अहिल्याबाई होळकरांनी 1767 ते 1795 या काळात आदर्श राज्य केले. ग्वाल्हेरीस बायजाबाई शिंदे यांनी 1827 ते 1833 पर्यंत सूत्रे सांभाळली. खुद्द भोपाळात अठराव्या शतकात ममोला बाईंचा शब्द दरबारात प्रमाण मानला जाई. पती किंवा पुत्राच्या पश्चात कर्तृत्व दाखवणाऱ्या या स्त्रियांच्या पाठोपाठ भोपाळात एक वेगळी गोष्ट घडली. तेथे आईकडून मुलीकडे वारसा जाऊ लागला.

कुदसिया आणि सिकंदर

1819 साली नवाब नजर मुहंमद खान यांचे पिस्तुलाची गोळी लागून अपघाती निधन झाले. त्यांची पत्नी कुदसिया बेगम तेव्हा विशीच्या आतबाहेर होती. पदरी एक तान्ही मुलगी, सिकंदर. घराण्यात पुरुष वारस नव्हते असे नाही. तरीही कुदसिया बेगमांनी आपली मुलगीच वारस आहे, असे जाहीर केले आणि तिच्या नावाने कारभार हाती घेतला. ब्रिटिशांनी हे मान्य केले, पण मुलीचा भावी पती नवाब होईल, या समजुतीवर. म्हणजे हक्क मिळाला, तोही उसना.

त्या उसनेपणाची किंमत सिकंदर बेगमांना मोजावी लागली. 1835 साली त्यांचा विवाह जहांगीर मुहंमद खान यांच्याशी झाला आणि 1837 मध्ये सत्ता पतीकडे गेली. संबंध इतके विकोपाला गेले की पतीने त्यांच्यावर तलवारीने वार केला. सिकंदर बेगम आईसह इस्लामनगरच्या गढीत राहावयास गेल्या. तेथेच 1838 साली त्यांची मुलगी शाहजहाँ जन्मली. 1844 मध्ये जहांगीर मुहंमद वारल्यावर या मुलीचे नाव गादीवर आले आणि 1847 पासून सिकंदर बेगमांनी तिच्या वतीने कारभार चालवला.

त्यांनी केलेले काम पाहिले की स्वावलंबन म्हणजे काय, हे उमगते. महसूल वसुलीचा इजारा बंद करून तो थेट सरकारी अंमलदारांमार्फत गोळा होऊ लागला. संस्थानाचे तीन जिल्हे पाडले, जमिनीची मोजणी झाली, कर्ज फिटले. दप्तरात फारसीऐवजी लोकांना समजणारी उर्दू आली. त्या स्वतः मुलखात फिरत, हिशेब तपासत. 1860 साली त्यांना स्वतःच्या हक्काने राज्यकर्त्या म्हणून मान्यता मिळाली. 1863-64 मध्ये त्यांनी हज यात्रा केली आणि तिचा वृत्तांतही लिहिला.

या मान्यतेची दुसरी बाजूही नोंदवली पाहिजे. 1857 च्या उठावात सिकंदर बेगम इंग्रजांच्या बाजूने उभ्या राहिल्या. त्याचे बक्षीस म्हणून त्यांना बैरसियाचा परगणा मिळाला. त्यांच्या स्वातंत्र्याला साम्राज्याच्या मर्जीचे कुंपण होते. हे लपवून त्यांचा गौरव करणे म्हणजे इतिहासाशी प्रतारणा होईल.

पडदा आणि कारभार

1868 साली शाहजहाँ बेगम गादीवर आल्या. 1889 मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या 'तहजीब-उन-निस्वाँ' या ग्रंथात बाळंतपण, बालसंगोपन, स्वयंपाक, शिवण, विवाह अशा विषयांची माहिती एका स्त्रीने स्त्रियांसाठी एकत्र केली आहे. भोपाळची भव्य ताज-उल-मसाजिद त्यांनीच सुरू केली. 1871 मध्ये त्यांनी विद्वान सिद्दीक हसन खान यांच्याशी दुसरा विवाह केला आणि त्यानंतर त्या पडद्यात गेल्या.

येथे एक बाब लक्षात घेण्याजोगी आहे. सिकंदर बेगम पडदा पाळत नसत. शाहजहाँ बेगमांनी तो पुन्हा स्वीकारला. त्यांची कन्या सुलतानजहाँ बेगम बुरख्यात राहून दरबार भरवीत व सभांचे अध्यक्षस्थान भूषवीत. तिघींचा पेहराव निराळा, पण तिघींनीही राज्य केले. तेव्हा स्त्रीच्या स्वातंत्र्याचे माप केवळ तिच्या वस्त्रावरून काढणारे दोन्ही पक्ष चुकतात. हिशेबाची वही कोणाच्या हाती आहे, हुकुमावर सही कोणाची आहे आणि तो हुकूम तिला स्वतःला वाचता येतो का, हे प्रश्न अधिक महत्त्वाचे आहेत.

सुलतानजहाँ बेगमांचे कार्य

1901 साली सत्तेवर आलेल्या सुलतानजहाँ बेगमांनी हे नेमके ओळखले. राजघराण्यातील मुलीला जे शिक्षण मिळते ते सामान्य मुलीला मिळाल्याशिवाय समाज उभा राहणार नाही, ही त्यांची धारणा होती. 1903 मध्ये त्यांनी सुलतानिया मुलींची शाळा काढली. हिंदू मुलींसाठी बिरजिसिया कन्या पाठशाळा सुरू केली. सुईणी व परिचारिकांच्या प्रशिक्षणाची सोय केली. यातून स्त्रियांच्या हाती उपजीविकेचे साधन आले.

अलीगढ येथे शेख अब्दुल्ला आणि त्यांच्या पत्नी वहीद जहाँ बेगम यांनी 1906 साली मुलींची शाळा सुरू केली, तेव्हा विरोध मोठा होता आणि पैसा थोडा. भोपाळहून त्या शाळेला नियमित अनुदान मिळू लागले. 1914 साली तेथील वसतिगृहाच्या उद्घाटनासाठी बेगम स्वतः गेल्या. त्याच वेळी मुस्लिम महिलांची अखिल भारतीय परिषद त्यांच्या अध्यक्षतेखाली भरली. 1920 साली अलीगढ मुस्लिम विद्यापीठाची स्थापना झाली, तेव्हा पहिल्या कुलपती म्हणून त्यांचीच निवड झाली. 1930 मध्ये मृत्यू येईपर्यंत त्या या पदावर होत्या.

1926 साली त्यांनी स्वेच्छेने गादी सोडली आणि ती आपला धाकटा पुत्र हमीदुल्ला खान यांना दिली. चार पिढ्यांची स्त्री-सत्ता अशा रीतीने एका स्त्रीच्याच हातून संपली. 1949 साली संस्थानाचा कारभारही भारत सरकारकडे गेला.

मग उरले काय? अलीगढच्या त्या छोट्या शाळेचे पुढे महिला महाविद्यालय झाले. त्याच महाविद्यालयाच्या प्राचार्या नईमा खातून 2024 साली अलीगढ मुस्लिम विद्यापीठाच्या पहिल्या महिला कुलगुरू झाल्या. या पदावर स्त्री यायला शंभरहून अधिक वर्षे लागली, हे आपल्याला विचार करायला लावणारे आहे. पण ती आली ती शाळेच्या वाटेने, वारशाने नव्हे.

भोपाळच्या इतिहासातून घ्यावयाची प्रेरणा हीच आहे. गादी एका वेळी एकाच स्त्रीला स्वतंत्र करू शकते आणि एका सहीने परतही जाते. शाळेतून मिळालेले अक्षर, हिशेब आणि हातचे कौशल्य मात्र कोणाला परत मागता येत नाही. आपल्या गावातील मुलींची शाळा दहावीनंतर का सुटते, याचा शोध घेऊन ती सुटू न देणारे प्रत्येक घर आणि प्रत्येक संस्था हीच परंपरा पुढे नेत असते.