गहाण पडलेलं वऱ्हाड आणि माझं होम लोन

पोस्ट मोठी आहे. पण घरासाठी कर्ज काढलं असेल किंवा काढायचा विचार असेल, तर पूर्ण वाचा. इतिहास आहे, हिशोब आहे आणि माझी स्वतःची फजितीही आहे.

मी यवतमाळात इतिहास शिकवतो. २०२१ मध्ये घरासाठी २० लाखांचं कर्ज घेतलं. व्याज ७ टक्के, मुदत २० वर्षं, हप्ता १५,५०६ रुपये. वय तेव्हा ३८. म्हणजे ५८ ला रिटायर होताना कर्जही संपणार. हिशोब असा चोख बसला की मी पुढे कागद उघडूनच पाहिले नाहीत.

२०२३ मध्ये इन्कम टॅक्ससाठी व्याजाचा दाखला आणायला बँकेत गेलो. स्टेटमेंटवर शेवटच्या हप्त्याचं साल होतं २०५१. मला वाटलं छपाईची चूक असेल. साहेब म्हणाले, "चूक नाही सर. व्याजदर वाढले नं. हप्ता हजारभरच वाढवला, जास्त लोड आला नाही पाहिजे म्हणून मुदत वाढवून दिली."

वाढवून *दिली*. जसं काही बक्षीसच!

२०५१ मध्ये मी ६८ वर्षांचा असेन. घरी येताना डोक्यात एकच विचार चालू होता. १८५३ च्या तहाची कलमं मी पोरांना तोंडपाठ सांगतो, आणि स्वतःच्या कर्जाच्या करारातलं एक कलम मला सांगता येत नाही.

आता त्या १८५३ बद्दल. कारण आपला अख्खा वऱ्हाड, त्यात आपला जिल्हाही आला, एका कर्जापायी गहाण पडला होता. "गहाण" हा माझा शब्द, तहातला नाही. पण गोष्ट ऐका आणि तुम्हीच ठरवा.

वऱ्हाड तेव्हा हैदराबादच्या निजामाकडे होता. निजामाच्या राज्यात "हैदराबाद कंटिंजंट" नावाची फौज होती. नाव निजामाचं, अधिकारी इंग्रज, खर्च निजामाच्या माथी. तिजोरीत खडखडाट, त्यामुळे पगार थकायचे. मग कंपनी सरकार ते पैसे भरायचं आणि निजामाच्या नावावर कर्ज मांडायचं. वाढत वाढत ही रक्कम चाळीस-पन्नास लाखांच्या घरात गेली. गव्हर्नर जनरल होता डलहौसी. त्याने तगादा लावला. २१ मे १८५३ ला निजाम नासिरउद्दौला याने तहावर सही केली. फौजेचा खर्च आणि कर्जाचं व्याज निघावं म्हणून वऱ्हाड, धाराशिव आणि रायचूर दोआब एवढा मुलूख इंग्रजांच्या ताब्यात गेला. खर्च वजा जाता काही उरलं तर ते निजामाला द्यायचं, असं ठरलं.

यात तीन गोष्टी बघा.

पहिली, मुदत. मुलूख "कायमचा" दिला असं तहात नव्हतं. पण परत कधी करायचा याची तारीखही नव्हती.

दुसरी, हिशोब. १८६० मध्ये नवा तह झाला. धाराशिव आणि रायचूर दोआब परत मिळाले. सुमारे ५० लाखांचं कर्जही माफ झालं. निजाम खूश! पण त्याच तहात या मुलखाच्या जमाखर्चाचा हिशोब मागण्याचा हक्क निजामाने सोडून दिला. उत्पन्न किती, खर्च किती, उरलं किती, हे इंग्रज सांगतील तेच खरं.

तिसरी, तारण. कर्ज माफ झालं, पण वऱ्हाड परत आला नाही! फौजेच्या खर्चासाठी म्हणून तो इंग्रजांकडेच राहिला. पुढे अमेरिकेतल्या यादवी युद्धाने (१८६१ ते ६५) कापसाचे भाव आभाळाला भिडले, रेल्वे आली, वऱ्हाड सोन्याचा तुकडा झाला. १८६४ मध्ये आपला जिल्हा वेगळा झाला, त्याचं नाव पुढे वणी जिल्हा पडलं. "यवतमाळ" हे नाव १९०५ चं. दिवाण सालारजंगाने वऱ्हाड परत मिळावा म्हणून खूप खटपट केली, १८७६ मध्ये विलायतेला जाऊन आला, हाती काही लागलं नाही. शेवटी १९०२ मध्ये कर्झनने निजाम महबूब अली खान याच्याकडून कायमचा पट्टा लिहून घेतला. वर्षाला २५ लाख रुपये भाडं. दुसऱ्या वर्षी वऱ्हाड मध्य प्रांताला जोडला.

चाळीस-पन्नास लाखांचं देणं, तेही माफ झालेलं, आणि मुलूख गेला तो गेलाच. हे कर्ज निजामाला किती महागात पडलं याचा हिशोब ६ टक्के व्याजाच्या आकड्यावरून लागत नाही. तो न लिहिलेल्या तारखेवरून आणि सोडून दिलेल्या हक्कावरून लागतो.

तुम्ही म्हणाल, सर, राजेरजवाड्यांचं सोडा, आपलं बोला. बोलतो.

आपल्याकडे जुना शब्द आहे, दामदुप्पट. आज चिटफंडवाला "दामदुप्पट योजना" म्हणून फसवतो, त्यामुळे शब्द बदनाम झाला. मुळात तो कर्जदाराला वाचवणारा नियम होता. थकलेलं व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येणार नाही. शंभराचे जास्तीत जास्त दोनशे. धर्मशास्त्राच्या ग्रंथांत तो आहे, इंग्रजी काळात मुंबई इलाख्यात आणि आपल्या वऱ्हाडातही कोर्टांनी तो मानला. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी कायद्यातही त्याची छाया आहे. मुद्दलाहून जास्त व्याजाचा हुकूमनामा कोर्ट सावकाराला देत नाही. बँका मात्र त्या कायद्याच्या बाहेर.

पण या नियमात एक खाच होती. तो फक्त *एका वेळच्या थकबाकीला* लागू. दरवर्षी इमानदारीने व्याज भरत राहणाऱ्याने एकूण किती भरलं, हे तो मोजतच नव्हता. थकवणाऱ्याला संरक्षण, भरणाऱ्याला नाही. माझे आजोबा दारव्हा तालुक्यातले कास्तकार. ते म्हणायचे, "मानूस झोपते, व्याज झोपत नाही." सावकाराचं व्याज भरता भरता वावर गेलेली माणसं त्यांनी पाहिली होती.

आता आजचा हिशोब. सोपं जावं म्हणून २० लाख कर्ज, ९ टक्के व्याज धरू. फक्त मुदत बदलू.

१० वर्षं: हप्ता २५,३३५. एकूण व्याज सुमारे १०.४० लाख.
१५ वर्षं: हप्ता २०,२८५. व्याज सुमारे १६.५१ लाख.
२० वर्षं: हप्ता १७,९९५. व्याज सुमारे २३.१९ लाख.
३० वर्षं: हप्ता १६,०९२. व्याज सुमारे ३७.९३ लाख.

शेवटच्या दोन ओळी पुन्हा वाचा. २० ची ३० वर्षं केली तर हप्ता कमी झाला १,९०० रुपयांनी. व्याज वाढलं पावणेपंधरा लाखांनी. आणि २० वर्षांतच व्याज मुद्दलाच्या पुढे गेलं, म्हणजे दामदुप्पट ओलांडली. एकही हप्ता न चुकवता!

असं का होतं? व्याज दर महिन्याला शिल्लक रकमेवर लागतं. २० वर्षांच्या कर्जात पहिल्या महिन्याचं व्याजच १५,००० रुपये. हप्ता १७,९९५, म्हणजे मुद्दलात गेले फक्त २,९९५. पाच वर्षांत तुम्ही १० लाख ८० हजार भरता आणि मुद्दल कमी होतं सव्वादोन लाखांनी. दहा वर्षं झाली की वाटतं, अर्धं संपलं. छे! १४ लाख २० हजार अजून बाकी असतात. मुद्दल अर्ध्यावर यायला १४ वर्षं लागतात.

ही बँकेची लबाडी नाही, हे गणित आहे. पण ते कर्ज घेताना कुणी समजावून सांगत नाही. आपणही विचारत नाही. आपण विचारतो एकच, "हप्ता किती बसेल?"

माझं काय झालं तेही याच गणितात आहे. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ वरून ६.५० टक्क्यांवर नेला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग दराची गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडलेली असतात, त्यामुळे ७ चे झाले साडेनऊ. वर्षभर हप्ते भरून समजा १९ लाख ५२ हजारांहून थोडे जास्त शिल्लक आहेत. साडेनऊ टक्क्यांनी महिन्याचं व्याज होतं १५,४५७. जुना हप्ता १५,५०६. मुद्दलात जाणार ४९ रुपये. एकोणपन्नास! अशा वेळी बँकेसमोर दोनच रस्ते, हप्ता वाढवा नाहीतर मुदत. मुदत वाढवली की कर्जदार ओरडत नाही, कारण त्याला कळतच नाही. मला कुठे कळलं होतं?

कर्ज काढू नका असं मी म्हणत नाही. भाड्यात गेलेला पैसा परत येत नाही, आणि लोहारा-वडगावकडे घरांचे भाव काय झालेत ते आपण पाहतोच. मी स्वतः त्याच घरात बसून हे लिहितोय. म्हणणं एवढंच की निजामाने ज्या तीन गोष्टी सोडल्या, त्या आपण सोडू नये. त्याला इंग्रजांच्या फौजेसमोर पर्याय नव्हता. आपल्याला आहे.

*मुदत.* ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, दोन्ही थोडं थोडं करायचं की काही रक्कम आधीच भरायची, ही निवड कर्जदाराला मिळाली पाहिजे. बँकेने ठरवून टाकलं असेल तर लेखी अर्ज द्या. दर उतरला, जसा २०२५ मध्ये उतरला, तर हप्ता कमी करून घेऊ नका. हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करायला सांगा.

*हिशोब.* दर तिमाहीला आतापर्यंत मुद्दलात किती गेलं, व्याजात किती, हप्ते किती उरले, दर किती, याचं स्टेटमेंट मिळालं पाहिजे, हेही त्याच आदेशात आहे. नवीन कर्ज घेत असाल तर ऑक्टोबर २०२४ पासून "की फॅक्ट स्टेटमेंट" देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर लिहिलेला असतो. सही करण्याआधी तो कागद घरी आणा. कर्जात विमा घुसवला आहे का तेही बघा. ६० हजारांचा विम्याचा हप्ता कर्जात मिळवला तर ९ टक्क्यांनी २० वर्षांत त्याचे सुमारे १ लाख ३० हजार होतात. विमा हवाच, पण वेगळा टर्म विमा घ्या. न मागितलेल्या फौजेचा खर्च कर्जात धरला की काय होतं, ते वर वाचलंच.

*तारण.* कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत घराचे मूळ कागद परत मिळाले पाहिजेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. हा सप्टेंबर २०२३ चा आदेश आहे, १ डिसेंबर २०२३ पासून लागू. आणि सातबारा किंवा मिळकत पत्रिकेवरचा बोजा उतरला का, ते स्वतः जाऊन बघा.

एक सोपा उपाय अजून. वर्षातून एक जादा हप्ता भरा. बोनस असो, कापसाचे आलेले पैसे असोत. वरच्या २० लाखांच्या उदाहरणात कर्ज साडेतीन वर्षं आधी संपतं आणि साडेचार लाखांहून जास्त व्याज वाचतं. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर आधी पैसे भरल्याचा दंड बँक लावू शकत नाही, हा नियम २०१२ पासून आहे.

माझं काय झालं? अर्ज दिला. दोन चकरा झाल्या. मुदत पुन्हा २०४१ वर आणली. हप्ता पावणेएकोणीस हजारांच्या घरात गेला. नवी गाडी घ्यायची होती, ती राहिली. बायको पहिले दोन दिवस बोलली नाही. मग मी तिला कागदावर मांडून दाखवलं. महिन्याला सव्वादोन हजार जास्त, आणि दर तोच राहिला असं धरलं तर शेवटी पंधरा लाखांच्या आसपास वाचतात. तिने तो कागद कपाटात जपून ठेवलाय. म्हणाली, "हे आधी नाही सांगता आलं का?"

नाही सांगता आलं, कारण मलाच माहीत नव्हतं. म्हणून तुम्हाला सांगतोय. आज घरी गेल्यावर स्टेटमेंट काढा आणि शेवटच्या हप्त्याची तारीख बघा. ती तुम्ही ठरवलेलीच आहे का, ते खाली कळवा.