जगाला फुटणाऱ्या फांद्या

जयंत नारळीकरांची पानिपतावरची विज्ञानकथा आपल्यापैकी बऱ्याच जणांनी वाचलेली असेल. तिचे इंग्रजी रूप एनसीईआरटीच्या अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पुस्तकातही घेतले गेले. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अपघातानंतर एका वेगळ्याच मुंबईत पोचतात. तिथे १७६१ ची पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली असते, कारण विश्वासरावांवर झाडलेली गोळी कानाजवळून निघून गेलेली असते. कथा संपली की वर्गातून प्रश्न येतो, “सर, अशी दुसरी जगं खरंच असतात? तिथं जाता येतं?”

‘अरे, गोष्ट आहे ती’ असे म्हणून हा प्रश्न मोडीत काढता येतो. पण या गोष्टीमागे भौतिकशास्त्रातला एक खराखुरा वाद आहे. त्याचा इतिहास एक विद्यार्थी आणि त्याचे मार्गदर्शक यांच्याभोवती फिरतो, म्हणून तो आपण शिक्षकांनी मुद्दाम वाचावा असे आम्हाला वाटते.

आधी अडचण काय होती ते पाहू. इलेक्ट्रॉनसारख्या सूक्ष्म कणांचे वागणे सांगणारे समीकरण श्रोडिंजर यांनी १९२६ मध्ये मांडले. समजा, एखाद्या कणापुढे डावीकडे आणि उजवीकडे असे दोन मार्ग आहेत. हे समीकरण ‘डावा किंवा उजवा’ असे म्हणत नाही, ते दोन्ही अवस्थांची बेरीज देते. आपण मोजायला गेलो की मात्र उत्तर एकच मिळते. मग बेरजेतले दुसरे पद गेले कुठे?

फॉन नॉयमन यांनी १९३२ च्या आपल्या ग्रंथात यासाठी दोन नियम सांगितले. मोजत नसाल तेव्हा समीकरण चालते. मोजले की एक पद उरते, बाकीची नाहीशी होतात. गणिते प्रयोगांशी उत्तम जुळत होती, त्यामुळे बहुतेकांनी खोलात जाणे सोडून दिले. पण मोजणारे यंत्रसुद्धा अणूंचेच बनलेले असते. मग पहिला नियम थांबून दुसरा सुरू होतो तो नेमका कुठे? कोपनहेगनच्या नील्स बोर यांचे म्हणणे असे, की यंत्राचे वर्णन नेहमीच्या, रोजच्या अनुभवाच्या भाषेतच केले पाहिजे. त्यांचा दबदबा इतका होता की वाद तिथेच मिटल्यासारखा झाला.

१९५३ मध्ये ह्यू एव्हरेट नावाचा बावीस वर्षांचा अमेरिकन तरुण प्रिन्स्टनला संशोधनासाठी आला. त्याचे मार्गदर्शक होते जॉन व्हीलर. पुढच्या वर्षी एका संध्याकाळी मित्रांशी शेरी पीत गप्पा मारताना त्याला सुचले, की दुसरा नियम काढूनच टाकला तर? समीकरण सर्वांना लागू करायचे, यंत्राला आणि पाहणाऱ्यालाही. मग पाहणाराही बेरजेत येतो. एका पदात ‘डावीकडे दिसले’ अशी आठवण असलेला निरीक्षक, दुसऱ्यात ‘उजवीकडे दिसले’ अशी आठवण असलेला. प्रत्येकाला उत्तर एकच दिसते!

एव्हरेटने विज्ञानात असंख्य जगे घुसडली असे पुष्कळदा लिहिले जाते. हे आम्हाला पटत नाही. त्याने भर काही घातली नाही, उलट एक नियम वजा केला. फांद्या समीकरणातच होत्या.

एका मसुद्यात त्याने दुभंगणाऱ्या, पण आठवणी जपणाऱ्या अमीबाची उपमा दिली होती. असले शब्द व्हीलर यांना खटकले. बोर हे त्यांचे गुरू, आणि शिष्यही त्यांना गमवायचा नव्हता. मे १९५६ मध्ये ते स्वतः कोपनहेगनला गेले आणि त्यांनी प्रबंधाची बाजू मांडली. तिथे ती कोणाला पटली नाही. शेवटी दोघांनी बसून प्रबंध कापला. मूळ मजकुराचा सुमारे चौथा हिस्सा उरला आणि १९५७ मध्ये छापला गेला. व्हीलर यांना खलनायक ठरवणे सोपे आहे, पण त्याच अंकात शिष्याच्या पाठिंब्याचे टिपण त्यांनीच लिहिले होते. एव्हरेट मात्र त्याआधीच अमेरिकी संरक्षण खात्यात शस्त्रास्त्रांची गणिते करायला निघून गेला होता. १९५९ मध्ये तो बोर यांना भेटला. त्या भेटीतून काहीच निघाले नाही.

ब्राइस डीविट या भौतिकशास्त्रज्ञांनी त्या निबंधावर रास्त आक्षेप घेतला होता: मी दुभंगतोय असे मला तर जाणवत नाही! एव्हरेटने तळटीपेत उत्तर दिले. पृथ्वी फिरते हे तरी कुठे जाणवते? कोपर्निकसवरही हाच आक्षेप होता, आणि गती का जाणवत नाही हे पुढे न्यूटनच्या नियमांनीच सांगितले. डीविट निरुत्तर झाले, इतकेच नव्हे तर पुढे या मताचे मोठे प्रचारक बनले. १९७० मध्ये त्यांनी त्यावर गाजलेला लेख लिहिला. १९७३ च्या ग्रंथात त्यांनी मूळचा लांबलचक प्रबंधही छापला. ‘अनेक जगे’ हे नाव रूढ झाले ते त्यांच्यामुळे.

आता मुलांचा दुसरा प्रश्न. तिथे जाता येईल का? विहिरीत दोन दगड टाकून पाहा. दोन्ही तरंग एकमेकांतून आरपार जातात आणि आपापल्या वाटेने पुढे सरकतात. श्रोडिंजरच्या समीकरणातली पदे अशीच वागतात. इलेक्ट्रॉनसारख्या एकट्या कणाच्या बाबतीत ती पुन्हा एकत्र आणता येतात, दोन फटींच्या प्रयोगातले पट्टे त्यातूनच उमटतात. पण माणूस, गोळी, घोडा यांना दर क्षणी हवेचे रेणू आणि प्रकाश स्पर्श करत असतो. फरकाच्या खुणा इतक्या पसरतात की त्या परत गोळा करणे व्यवहारात अशक्य होते. जर्मन शास्त्रज्ञ त्से यांनी हा विचार १९७० मध्ये मांडला. तेव्हा एव्हरेटचे मत खरे धरले तरी गंगाधरपंतांना रस्ता नाही.

एव्हरेट १९८२ मध्ये वारला. त्याचे मत आज अनेक शास्त्रज्ञ मानतात, अनेक मानत नाहीत. दोन मतांत निवाडा करील असा प्रयोग झालेला नाही. न मानणाऱ्यांचा एक प्रश्न फार अवघड आहे, आणि तो बारावीच्या मुलांपुढे ठेवण्यासारखा आहे. प्रयोगात डावे उत्तर शंभरांत सत्तर वेळा येते, उजवे तीस वेळा. दोन्ही उत्तरे दर वेळी घडतच असतील, तर ‘सत्तर’ म्हणजे नेमके काय मोजले?