दामदुपटीचा नियम आणि मुसलमान कर्जदार

थकलेल्या कर्जाचे दावे आपल्याकडे बँका येण्याच्या कितीतरी आधीपासून चालत आले आहेत. कर्ज घेतलं हे कर्जदार बहुतेक वेळा नाकारत नसे. भांडण व्याजाचं असे. ते किती चढू द्यायचं?

हिंदू धर्मशास्त्रात याला एक हद्द होती, दामदुपट. कोणत्याही एका वेळी थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त मागायचं नाही. शंभर दिले असतील तर व्याजाचे फार तर शंभर, एकूण दोनशे. 1855 मध्ये इंग्रज सरकारने व्याजावर मर्यादा घालणारे जुने कायदे रद्द केले आणि करारात ठरलेला दर मान्य केला. तरीही मुंबई उच्च न्यायालयाने दामदुपट चालू ठेवली.

पण तिला एक अट होती: मूळ कर्जदार हिंदू हवा. सावकार मुसलमान असला तरी हिंदू कर्जदाराला हे संरक्षण मिळे. कर्जदार मुसलमान असला की मिळत नसे. हा हिंदू कायद्याचा नियम, मुसलमानाला कसा लावणार, असं न्यायालयाचं म्हणणं.

ठीक आहे. मग मुसलमानाला त्याचा स्वतःचा कायदा लावायचा! सूरह आले-इमरानमध्ये दुपटी-चौपटीने वाढणाऱ्या सूदला मनाई आहे, सूरह बकरामध्ये तंगीत असलेल्या कर्जदाराला मुदत देण्याचा हुकूम आहे. पण इंग्रजांच्या न्यायालयांनी शरीअत निकाह, तलाक, विरासत, वक्फ अशा बाबींत मानली, सूदच्या बाबतीत मानली नाही. ज्याच्या दीनला व्याजच मंजूर नाही, त्याच्या डोक्यावरच्या व्याजाला हद्द उरली नाही. ही गोष्ट आपल्या इतिहासाच्या पुस्तकांत सहसा सापडत नाही.

1875 मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावापासून सावकारांविरुद्ध दंगे सुरू झाले. शेतकऱ्यांनी कर्जरोखे जाळले. त्यानंतर 1879 चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. रोख्यावर काहीही लिहिलेलं असो, व्यवहाराच्या सुरुवातीपासूनचा हिशेब तपासण्याचा अधिकार न्यायाधीशाला मिळाला, आणि इथे शेतकऱ्याचा धर्म विचारला गेला नाही. परभणी मात्र निजामाच्या राज्यात, म्हणून हा कायदाही आपल्या वेशीबाहेरच राहिला. (दावा, वकील, मुद्दत, जप्ती हे आपल्या कचेरीतले शब्द फारसी-उर्दूतून आलेले. परभणीत जुनी उर्दू खतं वाचून घ्यायला लोक अजूनही उर्दूच्या मास्तरांना शोधतात.)

मुंबई राज्याच्या 1946 च्या सावकारी कायद्याने मुद्दलापेक्षा जास्त व्याजाचा हुकूमनामा द्यायला न्यायालयांना मनाई केली. कर्जदार कोणत्याही धर्माचा असो. 1956 मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि पुढे हा कायदा इथेही लागू झाला. 2014 च्या नव्या सावकारी कायद्यातही ही हद्द आहे.

धर्माचा प्रश्न असा मिटला, पण तोवर कर्ज देणाराच बदलला होता. सावकारी कायदा बँकेला लागू नाही. 1984 पासून बँकिंग नियमन कायद्यात 21-अ कलम आहे: बँकेचं व्याज जास्त आहे एवढ्या कारणावरून न्यायालयाला जुना हिशेब उकरता येत नाही. सहकारी संस्था व सहकारी बँकांच्या शेतीकर्जाला मात्र महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याचं 44-अ कलम आहे, म्हणजे दामदुपटच. 1994 मध्ये कॉर्पोरेशन बँक विरुद्ध डी. एस. गौडा या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने शेतीकर्जावर दर तिमाहीला चक्रवाढ लावणं अमान्य केलं, कारण शेतकऱ्याच्या हातात पैसा पीक निघाल्यावरच येतो.

आता आपल्या वस्तीकडे पाहा. एका भावाने सोसायटीतून पीककर्ज घेतलं, दुसऱ्याने राष्ट्रीयीकृत बँकेतून दुकानासाठी. दोघांचं एक लाख, दर बारा टक्के धरू. वर्षाला चक्रवाढ धरली तर सातव्या वर्षी व्याज मुद्दलाला गाठतं. पहिल्याचं तिथे थांबतं, दुसऱ्याचं चालूच राहतं. आपल्यातले बागवान, मनियार, गॅरेजवाले बहुतेक या दुसऱ्या भावासारखे. पूर्वी कर्जदाराचा मजहब पाहून हद्द ठरायची, आता कर्ज कुठून आणि कशासाठी घेतलं ते पाहून ठरते. मला दोन्ही सारखेच अन्यायाचे वाटतात.

म्हणून नोटीस आली की आधी कर्ज देणारा कोण आणि कर्ज कशाचं, हे पाहा. 2002 च्या सरफेसी कायद्याखालची नोटीस साठ दिवसांची असते आणि तिला लेखी हरकत घेता येते. हरकत मान्य नसेल तर बँकेने पंधरा दिवसांत कारणं कळवायची असतात. शेतजमिनीवर हा कायदा चालत नाही. बँकेने ताबा घेतला तर पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे जाता येतं; आपल्यासाठी ते औरंगाबादला आहे. पूर्वी तिथे दाद मागायला बँकेच्या मागणीच्या पंचाहत्तर टक्के रक्कम आधी भरावी लागे. 2004 मध्ये मार्डिया केमिकल्सच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ती अट काढून टाकली. लोकअदालतीत तडजोड करणार असाल तर मुद्दल किती आणि व्याज किती हे वेगवेगळं लिहून मागा, मगच सही करा. त्या निवाड्यावर अपील नाही.